दुय्यम भूमिकेचें मोल

खेळ संपून दिवे लागले कीं प्रेक्षक नायकाबद्दल बोलत बाहेर पडतात. त्याचें चालणें, त्याचें बोलणें, नायिकेचें रूप, तिचीं वस्त्रें, यांची चर्चा जळगांवच्या किंवा धुळ्याच्या रस्त्यावरून थेट घराच्या उंबऱ्यापर्यंत पुरते. नायकाची आई कोण झाली होती, त्याचा वृद्ध बाप कोणीं रंगविला, न्यायासनावर बसलेला तो गृहस्थ कोण, हें बहुधा कोणी विचारीत नाहीं. आणि तरीही त्या आईच्या डोळ्यांत पाणी आलें नसतें, तर नायकाचें दुःख आपणांस खरें वाटलें नसतें. अशा नटाला इंग्रजींत 'आधार देणारा नट' या अर्थाचें नांव आहे. आपण त्याला सहाय्यक किंवा दुय्यम नट म्हणतों. या नटाचा आयुष्यक्रम कसा असतो, त्याला काय मिळतें आणि काय गमवावें लागतें, याचा आज विचार करावयाचा आहे. उदाहरण घ्यावयाचें आहे तें एका मराठी नटीचें. ब्रिटिश चित्रपटांतील दुय्यम भूमिकेबद्दल ब्रिटनमधील सर्वांत मोठा मान ज्यांनीं मिळविला, त्या श्रीमती रोहिणी हट्टंगडी यांचें.

प्रथम एक गोष्ट स्पष्ट केली पाहिजे. दुय्यम हा शब्द फसवा आहे. तो भूमिकेच्या लांबीला लागू पडतो, नटाच्या योग्यतेला नव्हे. नायकाला आपलें मन उघडें करण्यास तास-दीड तास मिळतो. दुय्यम नटाला तेंच काम चार प्रवेशांत, कधीं कधीं चार वाक्यांत उरकावें लागतें. शिवाय त्यानें लक्ष आपल्याकडे ओढून घ्यावयाचें नसतें. नायक बोलत असतांना ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर जें उमटतें, त्यावरून त्या बोलण्याचें वजन प्रेक्षकाला कळतें. रंगभूमीवर बोलण्यापेक्षां ऐकणें कठीण, हें ज्यानें हौशी नाटकांत एकदां तरी काम केलें आहे त्याला सांगावयास नको.

मराठी नटांनीं ही विद्या फार पूर्वीपासून कमावलेली आहे. नाना पळशीकरांचें नांव आज तरुणांना ठाऊक नसेल. परंतु १९५३ सालच्या 'दो बिघा जमीन' या चित्रपटांतील शेतकऱ्याचा म्हातारा बाप ज्यानें पाहिला असेल, तो त्यांचा चेहरा विसरणार नाहीं. आपल्या खानदेशाच्या शेजारीं, येवल्यास, १९१६ मध्यें जन्मलेल्या ललिता पवार यांची हकीकत तर विशेष बोधप्रद आहे. मूकपटांच्या काळांत त्या नायिका म्हणून पुढें आल्या. १९४२ मध्यें 'जंग-ए-आझादी' या चित्रपटाचें चित्रण चालू असतां एका प्रसंगांत त्यांना थप्पड मारावयाची होती. ती इतक्या जोरानें लागली कीं चेहऱ्याचा एक भाग लुळा पडला आणि एका डोळ्यांत कायमचें व्यंग राहिलें. सुमारें तीन वर्षें उपचारांत गेलीं. नायिकेच्या भूमिकांचें दार बंद झालें. परंतु त्या घरीं बसल्या नाहींत. तेंच व्यंग त्यांनीं खाष्ट सासूच्या नजरेंत कामाला लावलें. पुढें १९५९ च्या 'अनाडी' मध्यें वरून कठोर व आंतून मायाळू अशी मिसेस डिसा त्यांनीं उभी केली आणि त्याबद्दल त्यांना फिल्मफेअरचें पारितोषिक मिळालें. १९८७ मध्यें दूरचित्रवाणीवर 'रामायण' सुरू झालें तेव्हां मंथरा म्हणून साऱ्या देशानें त्यांनाच पाहिलें. ज्या नायिका त्यांच्याबरोबर निघाल्या होत्या, त्यांपैकीं बहुतेकांचीं नांवें तोंवर लोक विसरून गेले होते.

अशा नटांची स्वतंत्र कदर व्हावयास मात्र सर्वत्रच उशीर लागला. अमेरिकेंत ऑस्कर पारितोषिकें १९२९ पासून दिलीं जातात. सहाय्यक नटनटींना तीं १९३७ च्या समारंभापासून मिळूं लागलीं. ब्रिटिश चित्रपट अकादमी १९४७ मध्यें स्थापन झाली. तिच्यांतूनच पुढें आज 'बाफ्टा' या नांवानें ओळखली जाणारी संस्था निघाली. तेथें सहाय्यक नटांचा पहिला सन्मान झाला तो १९६९ च्या समारंभांत. आपल्याकडे फिल्मफेअरनें १९५५ मध्येंच ही प्रथा सुरू केली आणि सहाय्यक नटीचें पहिलें पारितोषिक उषा किरण या मराठी नटीला 'बादबान' बद्दल मिळालें. परंतु सरकारी राष्ट्रीय पारितोषिकें १९५४ पासून चालू असूनही, त्यांत सहाय्यक नटनटींसाठीं वेगळें पारितोषिक ठेवलें गेलें तें १९८४ च्या चित्रपटांपासून. म्हणजे तीस वर्षें दुय्यम नटाला राष्ट्रीय यादींत रकानाच नव्हता.

आतां मूळ विषयाकडे वळूं. रोहिणी हट्टंगडी या पूर्वाश्रमीच्या ओक, पुण्याच्या. दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयांत इब्राहिम अल्काझी यांच्या हाताखालीं त्यांनीं शिक्षण घेतलें व १९७४ मध्यें त्या तेथून बाहेर पडल्या. त्याच विद्यालयांतील जयदेव हट्टंगडी या दिग्दर्शकाशीं त्यांचा विवाह झाला आणि उभयतांनीं मुंबईस रंगभूमीचें काम चालविलें. १९७८ मध्यें सईद मिर्झा यांच्या 'अरविंद देसाई की अजीब दास्तान' पासून त्या चित्रपटांत दिसूं लागल्या. जयवंत दळवींच्या कादंबरीवरून झालेल्या 'चक्र' मध्यें नायिका होत्या शिरपूरच्या शिवाजीराव पाटलांच्या कन्या स्मिता पाटील, आणि दुय्यम भूमिकेंत होत्या रोहिणीबाई. खानदेशच्या प्रेक्षकाला त्या चित्रपटांत अर्थातच आपल्या स्मिताचें कौतुक अधिक वाटलें असेल.

याच सुमारास रिचर्ड ॲटनबरो हे इंग्रज दिग्दर्शक 'गांधी' या चित्रपटाची सिद्धता करीत होते. हा ध्यास त्यांना १९६२ पासून लागला होता. चित्रणास आरंभ झाला तो १९८० च्या नोव्हेंबरांत आणि चित्रपट प्रदर्शित झाला १९८२ च्या नोव्हेंबरांत. मध्यें वीस वर्षें लोटलीं. कस्तुरबांच्या भूमिकेसाठीं स्मिता पाटील यांच्या नांवाचाही विचार झाला होता. अखेर ती भूमिका रोहिणी हट्टंगडी यांच्याकडे आली. गांधीजींची भूमिका बेन किंग्जले या इंग्रज नटाकडे होती. त्यांचे वडील गुजराती वंशाचे. दोघांनींही चित्रणापूर्वीं चरख्यावर सूत काढणें शिकून घेतलें.

या चित्रपटाची पात्रयोजना दुय्यम भूमिकेच्या अभ्यासकानें मुद्दाम पाहावी अशी आहे. लॉर्ड आयर्विन यांच्या लहानशा भूमिकेंत जॉन गिल्गुड आहेत. हॅम्लेटच्या भूमिकेनें इंग्रजी रंगभूमी गाजविणारा हा नट. चेम्सफर्ड झाले आहेत जॉन मिल्स. अहमदाबादेस १९२२ मध्यें गांधीजींना सहा वर्षांची शिक्षा देणारे न्यायाधीश ब्रूमफील्ड झाले आहेत ट्रेव्हर हॉवर्ड, जे १९४५ च्या 'ब्रीफ एन्काउंटर' चे नायक होते. एवढ्या मोठ्या नटांनीं पांच-पांच मिनिटांचीं कामें पत्करलीं. त्यांत त्यांना कमीपणा वाटला नाहीं, कारण इंग्रजी रंगभूमीची शिस्तच अशी आहे कीं आज राजा झालेला नट उद्यां द्वारपाल होतो. आपल्याकडीलही मंडळी त्या पंक्तींत शोभली. गोपाळ कृष्ण गोखले झाले डॉ. श्रीराम लागू. मराठी रंगभूमीवरचा हा 'नटसम्राट' येथें थोडकाच वेळ पडद्यावर आहे. म्हाताऱ्या पळशीकरांनीं एक गांवकरी रंगविला. रस्त्यावर गांधीजींना अडविणाऱ्या गुंड पोराच्या क्षणभराच्या कामांत डॅनियल डे-ल्युइस हा तरुण आहे; पुढें यानेंच सर्वोत्कृष्ट नटाचें ऑस्कर तीन वेळां मिळविलें. आणि गांधीजींचे चिटणीस प्यारेलाल झाले आहेत पंकज कपूर. या चित्रपटाच्या हिंदी आवृत्तींत गांधीजींच्या तोंडीं जो आवाज आहे, तो पंकज कपूर यांचा. तेव्हां ज्या हजारों लोकांनीं हा बोलपट हिंदींत पाहिला, त्यांनीं महात्म्याचें रूप एका नटाचें पाहिलें आणि वाणी ऐकली ती त्याच्या मागें कागदपत्रें घेऊन चालणाऱ्या दुय्यम नटाची!

कस्तुरबांचें काम अवघड कां, तें पाहूं. गांधीजींना प्रत्यक्ष पाहिलेलीं माणसें त्या वेळीं आपल्याकडे गांवोगांवीं होतीं. १९३६ च्या डिसेंबरांत पंडित नेहरूंच्या अध्यक्षतेखालीं काँग्रेसचें पहिलें ग्रामीण अधिवेशन भरलें तें आपल्या पूर्व खानदेशांत, फैजपूरला. गांधीजी त्या वेळीं तेथें होते. ज्यांनीं मूळ पाहिलें आहे, अशांपुढें नक्कल करावयाची ही केवढी परीक्षा! शिवाय महात्मा पडद्यावर आणतांना एक धोका असतो. तो पुतळा होऊन बसतो. त्याला माणूस करावयाचें तर त्याच्याशीं भांडण्याचा अधिकार असलेलें कोणी तरी जवळ पाहिजे. हा अधिकार व्हाइसरॉयला नव्हता, जिनांना नव्हता. तो एकट्या कस्तुरबांना होता.

दक्षिण आफ्रिकेंतील तो प्रसंग आठवा. पाळीप्रमाणें शौचकूप स्वच्छ करण्यास कस्तुरबा नाखूष आहेत. मोहनदास संतापतो, पत्नीचा दंड धरतो आणि तिला घराबाहेर ढकलूं लागतो. हा प्रसंग गांधीजींनीं स्वतःच जगापुढें मांडलेला आहे. येथें रोहिणीबाईंनीं रडून आकांत मांडला असता, तर प्रेक्षकाच्या मनांतून नायक उतरला असता. मुकाट्यानें सोसलें असतें, तर प्रसंगच निर्जीव झाला असता. त्यांनीं अपमान आणि मान दोन्ही एकाच चेहऱ्यावर ठेवलीं. त्या नजरेपुढें पुरुष खजील होतो, आणि त्या क्षणापासून तो आपणांस आपल्यांतला वाटूं लागतो. पुढें पोरबंदरास पाहुण्या पत्रकाराला दोघें वृद्ध पतिपत्नी आपल्या लग्नांतील सप्तपदी पुन्हा म्हणून दाखवितात. तेथें तीच स्त्री किंचित् लाजते, किंचित् हंसते. अखेरीस आगाखान महालांतील बंदिवासांत १९४४ च्या फेब्रुवारींत तिचा अंत होतो. तरुण गृहिणीपासून चौऱ्याहत्तर वर्षांच्या वृद्धेपर्यंतचा हा प्रवास तिशीच्या आसपासच्या एका नटीनें तीन तासांच्या चित्रपटांतील मोजक्या प्रवेशांत केला. केस पांढरे करणें हें रंगभूषाकाराचें काम; परंतु उठतांना गुडघ्यावर पडणारा हात, उत्तर देण्यापूर्वीं घेतलेला श्वास, हें नटीनें स्वतः आणावें लागतें.

१९८३ मध्यें या चित्रपटाला आठ ऑस्कर पारितोषिकें मिळालीं. त्याच वर्षीं लंडनच्या बाफ्टा समारंभांत सर्वोत्कृष्ट सहाय्यक नटीचें पारितोषिक दोघींना विभागून देण्यांत आलें. एक अमेरिकेच्या मॉरीन स्टेपलटन आणि दुसऱ्या पुण्याच्या रोहिणी हट्टंगडी.

अशा सन्मानानंतर काय व्हावें, अशी आपली अपेक्षा असते? परदेशांतून बोलावणीं यावीं, स्वदेशीं नायिकेच्या भूमिका चालून याव्यात. घडलें तें वेगळेंच. वृद्धेचें सोंग जिनें इतकें हुबेहूब वठविलें, ती आतां वृद्धाच व्हावी असें आमच्या चित्रपटसृष्टीनें ठरवून टाकलें. १९८४ च्या 'सारांश' मध्यें त्या निवृत्त शिक्षक प्रधान यांच्या पत्नी झाल्या, एकुलता एक मुलगा गमावलेली आई. त्यांचे पति झालेले अनुपम खेर हे तेव्हां तिशीच्याही आंत होते. १९९० च्या 'अग्निपथ' मध्यें त्या अमिताभ बच्चन यांची आई झाल्या. अमिताभ यांचा जन्म १९४२ चा, म्हणजे पडद्यावरील मातेपेक्षां पुत्रच वयानें बराच मोठा! नायक साठीला पोंचला तरी नायकच राहतो, आणि त्याच्याहून तरुण असलेली नटी त्याची आई होते. हा न्याय आमच्याकडे कोणी लिहून ठेवलेला नाहीं, पण तो पाळला जातो. कौशल्याचें बक्षीस म्हणून नटीला तिचें तारुण्य पडद्यावर जगूं दिलें गेलें नाहीं, हें आपण मान्य केलें पाहिजे.

त्या ब्रिटनमध्यें जाऊन राहिल्या असत्या तर? याचें उत्तर तेथें गेलेल्या नटांच्या चरित्रांत सांपडतें. सईद जाफरी यांनीं तेथें दीर्घ काळ काम केलें. 'गांधी' मध्यें ते सरदार पटेल आहेत. १९८४ च्या 'द ज्युएल इन द क्राउन' या दूरचित्रवाणी-मालिकेंत नबाब आहेत. १९९९ मध्यें 'कॉरोनेशन स्ट्रीट' या इंग्लंडांतील अतिशय जुन्या मालिकेंतही ते दिसले. त्याच 'ज्युएल' मालिकेंत जोहरा सेहगल लेडी चॅटर्जी आहेत. दोघेही उत्तम नट. परंतु भूमिका यावयाच्या त्या बहुतेक भारतीय पात्रांच्याच. कथेंत भारत असेल तेव्हां काम, नसेल तेव्हां वाट पाहणें. आपल्याकडे नटीला वयाचें कुंपण, तिकडे वर्णाचें. दुय्यम नटाला कोठेंही गेलें तरी कुंपण चुकत नाहीं. त्याच्या आंत राहून किती पीक काढतां येतें, एवढेंच त्याच्या हातीं असतें.

आणि रोहिणीबाईंनीं तें काढलें. 'अर्थ' मध्यें त्या एक मोलकरीण झाल्या. कस्तुरबांची भूमिका करणाऱ्या नटीनें भांडीं घासणाऱ्या बाईचें काम करावें, यांत त्यांना विसंगति दिसली नाहीं. त्या कामाला फिल्मफेअर मिळालें. पुढें 'अग्निपथ' मधील आईलाही तें मिळालें. परंतु सर्वांत अर्थपूर्ण वाटतो तो १९८४ चा गोविंद निहलानी यांचा 'पार्टी'. महेश एलकुंचवार यांच्या नाटकावरून तो झाला. त्यांत रोहिणीबाई आहेत मोहिनी बर्वे: एके काळची नटी, एका मान्यवर नाटककारासाठीं रंगभूमी सोडून आलेली आणि आतां दारूच्या पेल्यांत स्वतःला हरवून बसलेली. सहाय्यक नटीसाठीं सरकारनें पहिल्यांदाच ठेवलेलें राष्ट्रीय पारितोषिक याच भूमिकेला मिळालें. दुसऱ्याच्या कीर्तीच्या सावलींत विझून गेलेल्या नटीचें दुःख, सावलींत राहूनही न विझलेल्या नटीनें रंगविलें, असें म्हणावें लागेल.

पुढें दूरचित्रवाणीचा काळ आला. 'चार दिवस सासूचे' ही मराठी मालिका २००१ पासून २०१३ पर्यंत चालली. तिचे ३००० हून अधिक भाग झाले आणि त्यांत आशालता देशमुख ही सासू रोहिणीबाईंनीं उभी केली. वर्षानुवर्षें रोज संध्याकाळीं त्या आपल्या जिल्ह्यांतील घराघरांत येत होत्या. कस्तुरबा पाहिलेल्यांपेक्षां ही सासू पाहिलेलीं माणसें किती तरी अधिक असतील. २०२३ मध्यें 'बाईपण भारी देवा' या मराठी चित्रपटांतही त्या सहा बहिणींपैकीं एक होत्या. पहिल्या चित्रपटापासून हिशेब केला तर हीं पंचेचाळीस वर्षें होतात. नायिकेची कारकीर्द बहुधा दहा-बारा वर्षांची. तेव्हां कुंपणाच्या आंतली ही शेती कमी फळली असें कोणीं म्हणावें?

तथापि या यशानें आपण समाधान मानून स्वस्थ बसूं नये. ज्यांना पारितोषिकें मिळालीं त्यांचीं नांवें निदान नोंदलीं गेलीं. परंतु नाटकमंडळ्यांच्या बिऱ्हाडांत जन्म घालविलेले, तमाशाच्या फडांत राजाच्या मागें प्रधान होऊन उभे राहिलेले, चित्रपटांत एका वाक्याचे धनी झालेले शेंकडों नट असे आहेत कीं त्यांचें नांव श्रेयनामावलींतही शोधून सांपडत नाहीं. म्हातारपणीं त्यांच्यापुढें पोटाचा प्रश्न उभा राहतो, आणि ज्याला नांव नाहीं त्याला मदत तरी कोण आणि कोठें पोंचविणार? नोंद ठेवणें ही म्हणूनच केवळ हौसेची गोष्ट नव्हे. जळगांव, धुळें, अमळनेर, शिरपूर अशा गांवीं ज्या नाट्यसंस्था आहेत, त्यांनीं आपल्या जुन्या प्रयोगांच्या हस्तपत्रिका जपून ठेवाव्या. त्यांत नायकाबरोबर शिपायाचें आणि दासीचेंही नांव जपलें जाईल.

राज्य नाट्यस्पर्धेच्या दिवसांत आपल्याकडील तरुण मोठ्या उमेदीनें उभे राहतात. भूमिका वांटतांना प्रत्येकाला नायक व्हावेंसें वाटतें, हें वयाला साजेसेंच आहे. ज्याच्या वांट्याला चार वाक्यें येतील, त्यानें मात्र तोंड पाडूं नये. न्यायाधीश ब्रूमफील्डच्या त्या प्रवेशांत ट्रेव्हर हॉवर्ड काय करतात, तें त्यानें एकदां पाहावें. कैदी आंत येतो आणि न्यायाधीश आपल्या आसनावरून उभे राहतात. इतकेंच. परंतु त्या उभें राहण्यानें समोरचा कैदी कोण आहे हें साऱ्या न्यायालयाला कळतें.

आणि प्रेक्षक म्हणून आपणही एक संवय लावून घ्यावी. पुढच्या वेळीं खेळ संपला कीं लगेच उठूं नये. पडद्यावर नांवें सरकत असतात. त्यांतलें निदान एक तरी अनोळखी नांव वाचून घ्यावें आणि घरीं जातांना वाटेंत तें कोणाजवळ तरी उच्चारावें. ज्या कलावंतानें दुसऱ्याला मोठें दिसूं देण्यांत आयुष्य वेंचलें, त्याचें ऋण आपणांकडून इतक्यानें फिटणार नाहीं. पण त्याचें नांव तरी आपल्या तोंडीं राहील.